दोन खात्यांच्या मधला माणूस

“बाई, देशातल्या सगळ्या पोलिसांचा साहेब कोण?” आमच्या आळीतल्या एका मुलानं मला मध्यंतरी विचारलं. पोरगं पोलीस भरतीच्या मागे आहे. पहाटे उठून ओहोटीनं घट्ट झालेल्या वाळूवर सोळाशे मीटर पळायचं, गोळा फेकायचा, घरी येऊन भाकरी खायची आणि दुपारभर सामान्य ज्ञानाचं पुस्तक घोकायचं, हा त्याचा दिनक्रम. श्रीवर्धन-दिवेआगरच्या पट्ट्यात गावोगाव अशी मुलं आहेत. त्याला चार पर्यायांतला एक हवा होता. मी म्हटलं, असा साहेबच नाही.

त्याला ते काही पटेना. लष्कराला प्रमुख आहे, आरमाराला आहे, मग पोलिसांना कसा नाही? पण नाही खरा. पोलीस हा राज्यांचा विषय. घटनेच्या सातव्या अनुसूचीत, राज्यसूचीत दुसऱ्याच नोंदीला तो आहे. प्रत्येक राज्याला आपापला महासंचालक. दिल्लीत सीबीआयचे संचालक वेगळे, आयबीचे वेगळे, सीमा सुरक्षा दलाचे आणि राखीव पोलीस दलाचे महासंचालक आणखी वेगळे. राज्यांचे महासंचालक वर्षातून एकदा परिषदेला जमतात, पण तिथं सगळे एका पंगतीचे. मला विचाराल तर हे बरंच आहे. एवढ्या मोठ्या देशाची काठी एकाच हातात असू नये.

मुलगा निघून गेला, प्रश्न मात्र माझ्याकडे राहिला. हुद्दा नसला तरी उभ्या देशाच्या पोलीस कारभारावर ज्याचा हात फिरला, असा माणूस कोण? आम्हा कोकणपट्टीतल्या लोकांना पटकन आठवतात ते ज्युलिओ रिबेरो. मूळ गोव्याचे, म्हणजे आपल्याच किनाऱ्याचे. मुंबईचे आयुक्त, गुजरातचे महासंचालक, मग १९८६ मध्ये पेटलेल्या पंजाबात. तिथं जालंधरला त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या, आणि पुढं रुमानियात राजदूत असताना बुखारेस्टच्या रस्त्यावरही झाडल्या गेल्या. दोन्ही वेळा वाचले. त्यांच्याविषयी मराठीत पुष्कळ लिहून आलं आहे. माझ्या मनात मात्र दुसरंच नाव होतं आणि ते आमच्याकडे फारसं कुणाला माहीत नाही. खरं तर आमच्या समुद्राचा आणि त्या नावाचा संबंध अगदी थेट आहे.

खुस्रो फरामर्झ रुस्तमजी. जन्म २२ मे १९१६, नागपूरजवळच्या कामठीचा. पारशी घर, छावणीचं गाव. शिक्षण नागपूरला आणि मुंबईला. थोडे दिवस नागपूरच्या विज्ञान महाविद्यालयात प्रयोगशाळेत शिकवण्याचं काम, आणि १९३८ साली इंडियन पोलीसमध्ये भरती, मध्य प्रांत आणि वऱ्हाडात. साहेब लोकांच्या राज्यात नोकरीला लागलेला हा माणूस स्वातंत्र्यानंतर १९५२ ते १९५८ नेहरूंचा मुख्य सुरक्षा अधिकारी होता. सुरक्षा म्हणजे आज आपल्याला दिसते तशी नव्हे. नेहरू गर्दी दिसली की गाडीतून उतरून तिच्यात शिरायचे आणि अडवणाऱ्या पोलिसावरच भडकायचे. १९५५ साली नागपुरात एक रिक्षावाला चाकू घेऊन त्यांच्या उघड्या गाडीवर चढला होता. नागपूर म्हणजे रुस्तमजींचं माहेरच की! रुस्तमजी या सगळ्या काळात रोजनिशी लिहीत होते. ती त्यांच्या मृत्यूनंतर छापली गेली. पोलीस अधिकाऱ्यानं इतकं नियमित, इतकं निरखून लिहावं ही आपल्याकडे दुर्मिळच गोष्ट. आपले बहुतेक साहेब निवृत्त झाल्यावर आठवणी लिहायला बसतात, आणि तोवर त्या आठवणींना परीटघडी पडलेली असते.

१९५८ मध्ये, बेचाळिसाव्या वर्षी, ते मध्य प्रदेशचे पोलीस महानिरीक्षक झाले. तेव्हा राज्याच्या पोलिसांत तोच सर्वोच्च हुद्दा होता. चंबळचं खोरं, डाकूंच्या टोळ्या. गब्बरसिंग हा त्यांतला खराखुरा डाकू, लोकांची नाकं कापणारा. त्याचं नाव पुढं हिंदी सिनेमानं घरोघरी पोचवलं. १३ नोव्हेंबर १९५९ ला तो चकमकीत मारला गेला. दुसऱ्या दिवशी नेहरूंचा सत्तरावा वाढदिवस होता, आणि रुस्तमजींनी ही बातमी त्यांना वाढदिवसाची भेट म्हणून कळवली. हा प्रसंग कौतुकानं सांगितला जातो. मला तो वाचताना बरं वाटत नाही. गावंच्या गावं दहशतीखाली होती हे कबूल, पण मेलेल्या माणसाची कुणी भेट देतं का? पुढच्याच वर्षी विनोबा चंबळमध्ये गेले आणि त्यांच्यापुढं काही डाकूंनी शस्त्रं टाकली, तेव्हाही रुस्तमजी नाराज होते. जिवावर उदार होऊन लढणाऱ्या शिपायाचं मनोधैर्य यानं खचतं, असं त्यांचं म्हणणं. त्यातही तथ्य असेल. पण हा माणूस इथंच थांबला असता तर मी त्याच्यावर चार ओळीही लिहिल्या नसत्या.

एप्रिल १९६५ मध्ये पाकिस्तानी सैन्यानं कच्छच्या रणातल्या आपल्या चौक्यांवर हल्ला केला. त्या चौक्यांवर फौज नव्हती, पोलीस होते. पाकिस्तानची सीमा तोवर ज्या त्या राज्याचे सशस्त्र पोलीस सांभाळत. गुजरातचे गुजरातच्या बाजूला, राजस्थानचे राजस्थानच्या, पंजाबचे पंजाबच्या. प्रत्येकाची शिस्त वेगळी, बंदुका वेगळ्या, हुकूम वेगळे. सैन्याचं म्हणणं, शांततेच्या काळात पहारा देणं आमचं काम नव्हे. राज्यांचं म्हणणं, रणगाडे आले तर आम्ही काय करणार? यातून सीमा सुरक्षा दल उभं राहिलं, १ डिसेंबर १९६५ ला, पंचवीस बटालियनांनिशी. पहिले प्रमुख रुस्तमजी. १९७४ पर्यंत तेच. १९७१ मध्ये पूर्व बंगालमधून ताजुद्दीन अहमद नेसत्या वस्त्रांनिशी सीमा ओलांडून आले, तेव्हा रुस्तमजी त्यांना भेटायला विमानानं कलकत्त्याला गेले, आणि पाहुण्यांकडे बदलायला कपडे नाहीत हे पाहून आपल्याच बॅगेतले काढून दिले, असं सांगतात. रुस्तमजी सहा फुटांच्या वर; ते कपडे त्या माणसाच्या अंगावर कसे दिसले असतील कोण जाणे. पुढच्याच महिन्यात ताजुद्दीन बांगलादेशच्या हंगामी सरकारचे पंतप्रधान झाले.

आता आमच्या समुद्राकडे येते.

आमच्या शेजारी एक निवृत्त हवालदार राहतात. पंचाहत्तरीला टेकलेत, पण सकाळचा पेपर त्यांना पहिल्या पानापासून शेवटपर्यंत लागतो. त्यांची भरती सत्तरच्या दशकातली. अर्धी चड्डी, हातात काठी आणि रात्री किनाऱ्यावर गस्त. त्या काळात कोकणच्या किनाऱ्यावर काय चालायचं, हे आमच्या पिढीनं मोठ्या माणसांच्या कुजबुजीतून ऐकलं आहे. सोन्यावर सरकारी निर्बंध, परदेशी घड्याळांना आणि टेरिलीनच्या कापडाला अतोनात मागणी. दुबईकडून गलबत यायचं, बाहेरच्या पाण्यात उभं राहायचं, आणि अंधारात इथल्या होड्या माल उतरवून आणायच्या. याला ‘लँडिंग’ म्हणत, आजही जुनी माणसं तोच शब्द वापरतात. दहा तोळ्यांची बिस्किटं शिवलेली जाकिटं अंगात घालून माणसं चालत डोंगर उतरायची. सोनं यायचं, चांदी जायची.

“दर्यात बत्ती दिसायची हो,” काका सांगतात. “आम्ही किनाऱ्यावर उभे राहून बघायचो. आमच्याकडं होडीच नव्हती. एका खात्याकडं होती, ती कायम दुरुस्तीला. आरमाराकडं जहाज होतं, पण ते लढाईचं, चोरामागं कोण सोडतो? एक चोर तेवढा, त्याची लाँच कधी बंद पडली नाही.”

काका हसत सांगतात, पण दिल्लीत नेमकं हेच कोडं पडलं होतं. समुद्रात कायदा कुणी राबवायचा? पोलिसांचा अधिकार किनाऱ्याशी अडतो. कस्टमला अधिकार आहे, पण खोल पाण्यात टिकणारी जहाजं नाहीत. आरमाराकडे जहाजं आहेत, पण माणूस पकडून खटला भरायचा अधिकार नाही. शिवाय युद्धनौका घेऊन घड्याळवाल्यांचा पाठलाग करणं म्हणजे पैसा आणि वेळ दोन्ही पाण्यात. त्यातच फेब्रुवारी १९७४ मध्ये बॉम्बे हायला तेल लागलं, म्हणजे भर समुद्रात राखण करायला आणखी एक गोष्ट आली. दोनशे सागरी मैलांपर्यंतच्या पाण्यावर देशाचा हक्क, हा विचारही तेव्हा जगभर मूळ धरत होता. सप्टेंबर १९७४ मध्ये सरकारनं एक समिती नेमली. तिचे अध्यक्ष खुस्रो रुस्तमजी.

रणातल्या सीमेवर नऊ वर्षं घालवलेल्या माणसाला समुद्रातलं काय कळतं, असं कुणी म्हटलंही असेल. पण मला वाटतं, ते रण आणि हा समुद्र एकाच जातीचे प्रश्न होते, आणि ते त्यांच्या लगेच ध्यानात आलं असणार. आमच्याकडे जुन्या आळ्यांत दोन घरांच्या मधे एक अरुंद बोळ असते. दोन्ही पागोळ्या तिच्यात पडतात, दोघांचा कचरा तिच्यात जातो, आणि झाडायची वेळ आली की ती शेजाऱ्याची असते. रुस्तमजींनी आयुष्यभर सरकारातल्या असल्या बोळी शोधल्या. राज्य पोलीस आणि सैन्य यांच्या मधली एक, आरमार आणि कस्टम यांच्या मधली दुसरी. तिसरीकडे नंतर येते, ती सगळ्यात अंधारी.

समितीनं जुलै १९७५ मध्ये अहवाल दिला: स्वतंत्र तटरक्षक दल हवं. १ फेब्रुवारी १९७७ ला ते हंगामी स्वरूपात सुरू झालं. ऑगस्ट १९७८ मध्ये कायदा झाला आणि मोरारजी देसाईंच्या हस्ते रीतसर उद्घाटन. ताफा काय? आरमारानं दिलेल्या दोन जुन्या फ्रिगेट आणि पाच गस्ती नौका. साडेसात हजार किलोमीटरच्या किनाऱ्याला सात बोटी! पहिले महासंचालक व्हाइस ॲडमिरल कामत, आरमारातले. म्हणजे कल्पना पोलिसाची, जहाजं आरमाराची, बराचसा व्याप महसूल खात्याचा, आणि दल शेवटी संरक्षण मंत्रालयाखाली. आज आमच्या समोरच्या अंगाला मुरूडला त्यांचं ठाणं आहे, खाली रत्नागिरीला आहे. वादळात सापडलेल्या नौकेवरचे खलाशी त्यांच्या हेलिकॉप्टरनं उचलून आणल्याच्या बातम्या आम्ही दर पावसाळ्यात वाचतो. मासेमारी करणाऱ्या कुठल्याही घरात विचारा, रुस्तमजी हे नाव माहीत नसेल, पण त्या कागदावरच्या शिफारशीमुळे घरी परत आलेली माणसं सापडतील.

इथं थांबले असते तर लेख छान सुबक झाला असता. पण मी राहते त्या ठिकाणी थांबता येत नाही. दिवेआगरहून श्रीवर्धनला समुद्राच्या कडेकडेनं जाणारा रस्ता शेखाडीवरून जातो. आता तिथं शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याच्या गाड्या उभ्या असतात, वळणावर लोक फोटो काढतात. एका बाजूला डोंगर, दुसऱ्या बाजूला काळा कातळ आणि थेट पाणी. जानेवारी-फेब्रुवारी १९९३ मध्ये पलीकडे दिघीला आणि इथं शेखाडीला शस्त्रं आणि आरडीएक्स उतरलं. १२ मार्चला मुंबईत त्या आरडीएक्सनं २५७ माणसं मारली. तेव्हा आरमार होतं, कस्टम होतं, पोलीस होते, आणि रुस्तमजींचं तटरक्षक दलही पंधरा वर्षांचं झालेलं होतं. माल उतरला तो कुणाला दिसला नाही म्हणून नव्हे. तो जायच्या वाटेवर पोलीस उभे होते. गाड्या अडवल्या गेल्या आणि पैसे ठरवून सोडल्या गेल्या. खटल्यात हे सगळं शाबीत झालं. कस्टमचे अधिकारी आणि पोलीस दोषी ठरून तुरुंगात गेले. उतरवणाऱ्यांना माल चांदीचा वाटला की आणखी कशाचा, पैसे घेणाऱ्यांना काय वाटलं, यावर आमच्याकडे अजून वाद घालतात. मला तो वाद निरर्थक वाटतो. पेटीत काय आहे हे न विचारण्याचेच ते पैसे होते.

काका त्या विषयावर फार बोलत नाहीत. एवढंच म्हणाले, “सोन्याच्या काळात सवय लागली होती, बाई. तीच सवय त्या रात्री कामाला आली.”

हे वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही. रुस्तमजींसारखा माणूस दिल्लीत बसून दोन खात्यांमधली बोळ बुजवतो, त्यासाठी तिसरं खातं काढतो. पण तिसरं खातं आलं की त्याच्या दोन्ही बाजूंना नव्या बोळी तयार होतात. आज आमच्या किनाऱ्याशी संबंधित खाती मोजायला बसलं तर दोन्ही हातांची बोटं लागतील: आरमार, तटरक्षक दल, सागरी पोलीस, साधे पोलीस, कस्टम, मत्स्यव्यवसाय, मेरीटाईम बोर्ड, महसूल, आणि गावात पोलीस पाटील. २००८ मध्ये ‘कुबेर’ नावाची मासेमारी नौका पळवून दहा जण मुंबईला आले, तेव्हा यातलं बहुतेक सगळं अस्तित्वात होतं. कफ परेडच्या मच्छीमार वस्तीत ते उतरले तेव्हा त्यांना हटकलं ते तिथल्या कोळी मंडळींनी. ऑगस्ट २०२२ मध्ये हरिहरेश्वरला एक रिकामी बोट तीन एके-४७ घेऊन किनाऱ्याला लागली, तेव्हाही आधी पाहिलं ते इथल्या लोकांनीच. ती बोट ऑस्ट्रेलियन बाईच्या मालकीची निघाली, मस्कतहून युरोपला जाताना बिघडून सोडून दिलेली, आणि सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. पण त्या दिवशी म्हसळ्यापासून पुढं नाक्यानाक्यावर अडवून डिक्या उघडायला लावत होते, आणि वडाप रिक्षांत शेखाडीशिवाय दुसरा विषय नव्हता.

वर्षातून दोनदा ‘सागर कवच’ नावाचा सराव होतो. एक तुकडी समुद्रातून घुसायचा प्रयत्न करते, बाकीच्यांनी तिला पकडायचं. त्यातल्याच एका सकाळी मी मासळी घ्यायला बंदरावर गेले होते. जेटीच्या तोंडाशी प्लास्टिकच्या खुर्चीवर एक तरुण शिपाई, मांडीवर रजिस्टर. नौका लागली की तो उठायचा. बोटीचा नंबर, तांडेलचं नाव, खलाशी किती, सगळ्यांची कार्डं. रजिस्टरच्या कडा मिठाच्या हवेनं फुगलेल्या, वरची पानं एका ओल्या दगडाखाली दाबून ठेवलेली. एका खलाशाचं कार्ड तळहाताएवढ्या प्लास्टिकच्या पिशवीत, त्या पिशवीत शंभराची नोट आणि विड्या. शिपायानं कार्ड काढलं, विड्या परत दिल्या, नोट परत दिली, नंबर लिहिला. मग नाखव्यानं विचारलं, “साहेब, पोहायला येतं का?” पोरगा मराठवाड्यातला. म्हणाला, “विहिरीत येतं.” सगळी जेटी हसली, तोही हसला. मला बांगडे मिळाले, चांगले ताजे होते.

महासंचालकाचं परिपत्रक मुंबईहून निघतं, परिक्षेत्र, जिल्हा, उपविभाग, ठाणं असं उतरत उतरत त्या रजिस्टरपर्यंत येतं. वर किती हुशार माणूस बसला आहे याला महत्त्व आहेच. पण ती नोट परत द्यायची की खिशात घालायची हे परिपत्रकात नसतं. रुस्तमजींना हे माहीत होतं, असं मला त्यांच्या पुढच्या कामावरून वाटतं. १९७७ च्या नोव्हेंबरात धर्मवीर यांच्या अध्यक्षतेखाली राष्ट्रीय पोलीस आयोग नेमला गेला, त्याचे ते सदस्य होते. आयोगानं १९८१ पर्यंत आठ अहवाल दिले. त्यांची सुरुवात वरून झाली नाही. पहिल्या अहवालात शिपायाचा विचार आहे: त्याचा पगार, घर, कामाचे तास, आणि वरिष्ठांच्या घरी राबवून घेणं. काकांना हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, “घर? आमच्या लाइनीत पाऊस आत आणि आम्ही बाहेर.” मग साहेबांच्या तपासणीची गोष्ट निघाली. महिनाभर आधी ठाण्यासमोरच्या दगडांना चुना आणि गेरू, पट्ट्यांना पॉलिश, कागद नीट लावून ठेवायचे. साहेब यायचे, चहा घ्यायचे, जायचे. “किती एसपी पाहिलेत?” मी विचारलं. त्यांनी मोजायचा प्रयत्न केला आणि सोडून दिला.

साहेब का टिकत नाहीत, हाही आयोगाचा एक विषय होता. त्या शिफारशी फडताळात पडून राहिल्या. १९९६ मध्ये प्रकाश सिंह यांनी त्यांच्यासाठी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. तेही सीमा सुरक्षा दलाचे एकेकाळचे प्रमुख. २००६ च्या सप्टेंबरात निकाल लागला: महासंचालकाला किमान दोन वर्षं द्या, निवड केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या यादीतून करा, तपासाचं काम आणि बंदोबस्ताचं काम वेगळं करा, असे सात आदेश. राज्यांनी त्यातले किती मनापासून पाळले, हे ‘प्रभारी महासंचालक’, म्हणजे तात्पुरता बसवलेला, असे शब्द पेपरात दिसले की कळतं.

आता ती तिसरी बोळ. आयोगाचे सदस्य म्हणून रुस्तमजी १९७८ मध्ये बिहारच्या तुरुंगांत गेले. तुरुंग काही पोलिसांचं खातं नव्हे. पोलिसांनी आरोपपत्र ठेवलं की त्यांच्या लेखी काम झालं, न्यायालयानं कोठडी सुनावली की त्यांचं, आणि जेलरचं काम एवढंच की माणूस आत राहिला पाहिजे. या तिघांच्या मधे जी माणसं पडली होती ती रुस्तमजींनी पाहिली. खटला सुरूच झालेला नाही, आणि गुन्हा शाबीत झाला असता तर जेवढी शिक्षा झाली असती त्याहून जास्त वर्षं आत गेलेली. बायका होत्या, मुलं होती. काही बायका तर आरोपीही नव्हत्या, ज्यांच्यावर अत्याचार झाला त्याच ‘संरक्षणासाठी’ आत ठेवलेल्या. जवळजवळ चाळीस वर्षं पोलिसांत काढलेल्या माणसानं हे लिहून काढलं. इंडियन एक्स्प्रेसमध्ये जानेवारी १९७९ मध्ये ते छापून आलं. कपिला हिंगोराणी या वकील बाईंनी ते वाचून सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. जनहित याचिकेची सुरुवात जिथून मानतात तो हुसैनारा खातून खटला हाच. खटला लवकर चालणं हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असं न्यायमूर्ती भगवतींनी म्हटलं, आणि त्यातून देशभरातले चाळीस हजारांच्या आसपास कच्चे कैदी सुटले, असं सांगितलं जातं. जनहित याचिकेची गोष्ट आपण सांगतो ती बहुधा न्यायाधीशांपासून आणि वकिलांपासून. तिच्या आरंभी एक पोलीस आहे हे सहसा सांगत नाही. १९९१ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळालं, २००३ मध्ये ते गेले.

गब्बरच्या मरणाची भेट पाठवणारा आणि पाटण्याच्या तुरुंगात नावानिशी माणसं मोजणारा, हे एकच गृहस्थ. मधे वीस वर्षं गेली होती. या वीस वर्षांत काय बदललं, ते स्वतः की फक्त त्यांची खुर्ची, हे मला ठरवता येत नाही. खुर्ची गेल्यावर न्यायाविषयी बोलू लागणारे साहेब आपण पुष्कळ पाहतो. पण ते बोलतात व्याख्यानमालेत. तुरुंगाची पायरी चढून आत बसत नाहीत.

आजही आपल्या तुरुंगांतल्या चार माणसांपैकी तिघं कच्चे कैदी आहेत. मी काकांना हा आकडा सांगितला, त्यांना नवल वाटलं नाही. त्यांनी कैदी पार्टीची ड्यूटी वर्षानुवर्षं केलेली. जेलमधून आरोपी घ्यायचा, एसटीनं तालुक्याच्या कोर्टात तारखेला न्यायचा, संध्याकाळी परत. वाटेत वडापाव खायचा तो दोघांनी, पैसे बहुतेक वेळा काकांचे. एक परमुलखातला खलाशी होता, बोटीवरचं डिझेल चोरल्याचा आरोप. जामीन मंजूर झाला होता, पण जामीनदार कोण राहणार? इथं त्याचं कुणी नाही. मग तारखा. कधी गणपतीचा बंदोबस्त, कधी मंत्र्यांचा दौरा, पार्टीला माणसंच नाहीत. पार्टी नाही म्हणून आरोपी हजर नाही, आरोपी हजर नाही म्हणून पुढची तारीख.

“शेवटी त्यानं कबूल केलं,” काका म्हणाले. “जेवढे दिवस आत काढले तेवढीच शिक्षा झाली, त्याच दिवशी सुटला. कबूल केलं नसतं तर अजून बसला असता.”

“पण डिझेल त्यानं चोरलं होतं का?”

काकांनी पेपर बाजूला ठेवला. “ते कुणी विचारलंच नाही की, बाई.”